सांगली-साताऱ्यात राहून पर्यावरणावरच्या डॉक्युमेंटरी करत आयुष्य काढता येईल का?

कृष्णाकाठची

नमस्कार मंडळी. इथं बरीच वर्षं नुसती वाचत होते, आज पहिल्यांदाच धागा काढतेय.

मूळ गाव वाळवा तालुक्यात. सध्या पुण्यात एका स्टुडिओत एडिटिंग करते. लग्नं, जाहिराती, कारखान्यांच्या वार्षिक सभांच्या फिल्म. हात बसलाय, पगार वेळेवर होतो. पण मला डॉक्युमेंटरी करायची आहे. एखादी करून बघावी असं नाही, पर्यावरण हाच विषय धरून पुढची वीस-पंचवीस वर्षं काम करायचं आहे, आणि तेही गावाकडं राहून.

पहिला विषय डोक्यात आहे तो क्षारपड, म्हणजे मीठ वर येऊन नापीक झालेल्या जमिनीचा. आमच्या शिवारात ओढ्याकडच्या जमिनी एकेक करत पांढऱ्या पडत गेल्या. ज्या रानात आजोबांचा आडसाली ऊस बघायला लोक यायचे तिथं आता वेडी बाभूळ माजली आहे. स्टुडिओतले मित्र म्हणतात, "महापूर घे. त्यात दृश्यं आहेत, २०१९ आणि २०२१ चं फुटेज मागशील तेवढं मिळेल. रिकाम्या रानात लोक काय बघणार?"

घरचे विचारतात, यावर पोट कसं भरणार. माझे तुम्हाला दोन प्रश्न. सांगली-साताऱ्यात राहून हे काम पोटापाण्यासकट जमतं का? आणि पहिला विषय पूर घ्यावा की क्षारपड?

तासगावकर

क्षारपड घ्या. पुरावर बोलणारे पुष्कळ आहेत. बाकी पोटापाण्याचं जाणकार सांगतील.

रानवारा

मी साताऱ्याचा. कॅमेरा असिस्टंट म्हणून सुरुवात केली, नंतर साउंडकडं वळलो, आता स्वतःच्या फिल्म करतो. सविस्तर लिहितो.

आधी पैशाचं. आपल्याकडं नुसत्या डॉक्युमेंटरीवर घर चालवणारी माणसं फार थोडी. बाकीचे सगळे वर्षाची विभागणी करतात. दिवाळीपासून उन्हाळ्यापर्यंत मी इतरांची कामं घेतो: पाणलोटाचं काम करणाऱ्या संस्थांच्या फिल्म, शेतकरी प्रशिक्षणाचे व्हिडिओ, कॉलेजांत कार्यशाळा. त्या पैशात स्वतःचं शूटिंग सुरू राहतं. एडिटिंग येत असणं ही तुझी सगळ्यात मोठी जमेची बाजू आहे, कारण आपल्या बजेटमधला मोठा हिस्सा एडिटरकडं जातो आणि तो तुझा वाचणार. शिवाय दुसऱ्यांच्या फिल्म गावात बसून एडिट करता येतात, हार्ड डिस्क कुरिअरनं येते-जाते.

एक नियम मात्र आजच ठरवून टाक. ज्याचं सांडपाणी नदीत जातं त्याच्याकडून नदीवरच्या फिल्मसाठी पैसे घ्यायचे नाहीत. ते फिल्मच्या सुरुवातीला एक ओळ आभाराची मागतात, आणि त्या ओळीपायी पुढची सगळी फिल्म मवाळ होते.

सामानाचं म्हणशील तर आधी माइक घे, कॅमेरा नंतर. कॅमेरा भाड्यानं कोल्हापूर-पुण्यात कुठंही मिळतो. पण शेतात वारा सुटला की कॅमेऱ्यावरच्या माइकमध्ये म्हाताऱ्या माणसाचं बोलणं ऐकूच येत नाही, आणि ते बोलणं परत मिळत नाही. चांगला लेपल, म्हणजे कॉलरला लावायचा माइक, वाऱ्यासाठी केसाळ कव्हर आणि एक रेकॉर्डर एवढं स्वतःचं असू दे. सगळं फुटेज दोन डिस्कवर ठेव, आणि दोन्ही डिस्क एका घरात नकोत. सांगलीच्या माणसाला हे पुराच्या भाषेत सांगितलं की लगेच पटतं.

दाखवायच्या जागांचं सांगतो. मुंबईचा मिफ हा डॉक्युमेंटरी महोत्सव १९९० पासून दर दोन वर्षांनी होतो. केरळचा डॉक्युमेंटरी आणि शॉर्ट फिल्मचा महोत्सव आहे, दिल्लीचा वातावरण आहे, आपल्या जवळ किर्लोस्कर वसुंधरा आहे. फिल्मला पैसा उभा करायचा असेल तर कोलकात्याला डॉकएज भरतं, तिथं कल्पना मांडायची, ऐकणारे देशातले आणि बाहेरचे असतात. हे सगळं गावात राहून होतं. वर्षातून दोन-तीनदा बॅग भरायची एवढंच.

शंकासूर

नाउमेद करायचं नाही, पण मनापासून विचारतो. फिल्ममुळं काही बदललंय का कधी? अशा फिल्म बघणारे आधीच पटलेले असतात. हॉलमध्ये टाळ्या वाजतात आणि नदी आहे तशीच राहते. वीस वर्षं देण्याआधी याचं उत्तर स्वतःला द्यावं लागेल.

चोपण मळा

ताई, मी बोरगावच्या बाजूचा. घरची दोन एकर क्षारपडीत गेलेली, त्यातली निम्मी परत आणली. रिकाम्या रानात बघण्यासारखं काय आहे ते मी सांगतो.

आपली काळी भारी जमीन. पाणी धरून ठेवती, लवकर सोडत नाही. लिफ्ट इरिगेशन आलं, पाटपाणी आलं, उसाला दंडानं पाणी मोकळं सोडायची सवय लागली. जुने ओढे-नाले बुजवून त्यावर ऊस लावला, त्यामुळं निचऱ्याची वाट बंद झाली. मग खालचं पाणी वर येत येत हात-दोन हातावर येऊन थांबतं. उन्हाळ्यात वातीतनं तेल चढावं तसं ते मातीतनं वर चढतं, पाणी उडून जातं आणि मीठ वर राहतं. आम्ही म्हणतो 'रान फुटलं'. पहिल्या वर्षी उसात तुटाळ, म्हणजे मधेमधे मोकळ्या जागा दिसती, लोक बियाण्याला नावं ठेवतात. दुसऱ्या वर्षी तिथं लव्हाळा आणि पाणकणीस. मग वेडी बाभूळ आली की समजायचं रान गेलं.

त्यातही दोन जाती. नुसती क्षारयुक्त असेल तर निचरा करून गोड्या पाण्यानं धुता येती. चोपण झाली, म्हणजे सामू (पीएच) साडेआठच्या वर आणि सोडियम जास्त, तर जिप्सम घालावं लागतं. चोपण जमीन ओली असताना पायाला साबणासारखी लागती आणि वाळली की कुदळ बसत नाही. कसबे डिग्रजच्या कृषी संशोधन केंद्रात यावर बरंच काम झालंय, तिथं जाऊन या.

आता तुमच्या कॅमेऱ्यासाठी. माझ्या रानात संध्याकाळी कमरेएवढा खड्डा काढायचा. कोरडा दिसतो. सकाळी येऊन बघायचं, गुडघाभर पाणी. वर भेगा, खाली पाणी. गावातल्या पोरांना मी हेच दाखवतो. दुसरं, मी जमिनीखाली भोकं असलेल्या पाइपा टाकल्यात, जाळी गुंडाळून. त्याचं तोंड ओढ्यात आहे. ऐन मे महिन्यात तिथनं धार चालू असते. त्याच महिन्यात जतला टँकर चालू असतात, आपलाच जिल्हा. तुमच्या स्टुडिओतल्या मित्रांना घेऊन या, मी दाखवतो.

कृष्णाकाठची

@चोपण मळा, दादा, हा प्रतिसाद मी आईला वाचून दाखवला. ती म्हणाली आमच्या वरच्या पट्टीतही तुटाळ दिसायला लागली आहे. मी नक्की येणार.

माणदेशी

शंकासुरांना उत्तर द्यायचंय. माइक पांडे यांनी गुजरातच्या किनाऱ्यावर होणाऱ्या देवमुशीच्या, म्हणजे व्हेल शार्कच्या शिकारीवर फिल्म केली. ती आली २००० साली. त्याआधी एवढा अवाढव्य मासा आपल्या किनाऱ्यावर मारला जातो हे देशातल्या बहुतेकांना माहीतही नव्हतं. २००१ मध्ये देवमुशी वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आली. पुढं तिथल्याच मच्छीमारांमध्ये मोहीम झाली आणि ज्यांनी तिची शिकार केली तेच जाळं कापून तिला सोडायला लागले.

शेखर दत्तात्री यांचं दुसरं उदाहरण. चेन्नईच्या स्नेक पार्कपासून सुरुवात, मग परदेशी वाहिन्यांसाठी वन्यजीवांच्या फिल्म, नाव झालेलं. त्यानंतर ते मुद्दाम छोट्या फिल्मकडं वळले, निर्णय घेणाऱ्या माणसांना दाखवायच्या. कुद्रेमुखच्या लोखंडाच्या खाणीवरची त्यांची फिल्म काही मिनिटांचीच आहे, २००१ ची. २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला आणि २००५ अखेर खाण बंद झाली.

शंकासूर

कुद्रेमुखची याचिका कार्यकर्त्यांनी लढवली, वर्षानुवर्षं कागदपत्रं गोळा केली. श्रेय फिल्मला कसं?

माणदेशी

एकटीला नाहीच. पण पावसाळ्यात खाणीतला गाळ भद्रा नदीत कसा उतरतो हे शेकडो पानांच्या फाइलमधून डोळ्यांपुढं उभं राहत नाही. कार्यकर्त्यांनी फाइल दिली, फिल्मवाल्यानं डोळे दिले. आपल्या भागात हेच कमी पडतं. चळवळी भरपूर, त्यांच्यासोबत टिकून राहणारा कॅमेरा कमी. येरळा नदीवर बळीराजा धरण लोकांनी १९८० च्या दशकात बांधलं. नदीतल्या वाळूचा प्रश्न, दुष्काळ, आणि ज्याला जमीन नाही त्यालाही पाण्याचा वाटा ही मागणी. असं काम जगात कुठं झालं असतं तर त्यावर दहा फिल्म झाल्या असत्या. ज्यांनी दगड उचलले ती माणसं आता थकली. त्यांचं बोलणं रेकॉर्ड व्हायला हवं, आणि हे मी ताईंना सुचवतोय.

पाटण खोरं

मला फिल्ममधलं काही कळत नाही. ज्यांच्यावर फिल्म होतात त्यांच्या बाजूनं लिहिते.

माझं सासर कोयनेच्या वरच्या अंगाला. धरणात जमीन गेली. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेचा भूकंप सासूबाईंनी बघितलेला. पावणेदोनशेच्या आसपास माणसं गेली. धरणाच्या पाण्यामुळं भूकंप होतो का यावर जगभरातले शास्त्रज्ञ येऊन गेले, अजून येतात. त्यांच्या मागं कॅमेरे येतात. सासूबाईंनी तीच हकीगत किती जणांना सांगितली. भिंत कशी आली, दीर कसा गेला. प्रत्येक वेळी रडल्या. पुढं अभयारण्य आलं, २०१० साली व्याघ्र प्रकल्प झाला, परत काही गावं उठली, परत कॅमेरे.

त्यातली एकही फिल्म आमच्या गावात कुणी आणून दाखवली नाही. सासूबाई गेल्या. त्या पडद्यावर कशा दिसतात हे आम्हाला ठाऊक नाही, त्यांचा आवाज आमच्याकडं नाही. तो कुणाच्या तरी डिस्कवर असेल.

ताई, तुम्ही करा. पण ज्याचं दुःख घेऊन जाल त्याला फिल्म आधी दाखवा, आणि त्याच्या बोलण्याची एक प्रत त्याच्या घरी द्या.

रानवारा

पाटण खोरं, तुमचं नाव किंवा गाव जाहीर करायची गरज नाही. पण कुठल्या सुमाराला कोण आलं होतं एवढं व्यक्तिगत निरोपात कळवलंत तर मी शोधतो. या क्षेत्रातली माणसं एकमेकांना ओळखतात. जुनं रेकॉर्डिंग मिळायची शक्यता आहे.

पाटण खोरं

कळवते. उपकार होतील.

भडंग आणि चहा

वाचताना घशात आवंढा आला. सांगलीत शूटिंग असेल त्या दिवशी सगळ्या टीमचा चहा आणि भडंग माझ्याकडं. टीम कितीही मोठी असली तरी. फक्त माझ्या गाड्यासमोर ड्रोन उडवू नका, भडंगाची पिशवी थेट हरिपूरला जाईल!

हरिपूर घाट

गेलीच तर मी झेलतो!

आता पुराबद्दल. आमच्या घरात २००५ ला पाणी, २०१९ ला पाणी, २०२१ ला परत. आयर्विन पुलापाशी धोक्याची पातळी ४५ फूट, २०१९ ला ती ५७ च्या वर गेली. त्याच पुरात ब्रह्मनाळला बोट उलटून माणसं बुडाली. त्या आठवड्यात आमच्या गल्लीवर सतत ड्रोन होते. छपरावर बसलेल्या माणसांना वाटायचं मदत आली.

पाणी उतरल्यावर एकही कॅमेरा नव्हता. मला विचाराल तर पूर तेव्हा सुरू होतो. गुडघाभर गाळ, फुगलेली कपाटं, मेलेली जनावरं, पंचनाम्याची रांग. भिंतीतली ओल पुढच्या दिवाळीपर्यंत जात नाही. कुणाच्या घरातल्या पोथ्या, कुणाचे लग्नाचे फोटो वाळत टाकलेले. दुकानदारांनी परत कर्ज काढलं. पोरं गाव सोडून गेली. हे दाखवणारी फिल्म केलीत तर पुरावरची फिल्म झाली म्हणायची. नुसती छपरं आणि तपकिरी पाणी आम्ही पुष्कळ बघितलं.

जत पूर्व

पूर आला तो कर्नाटकातल्या अलमट्टी धरणामुळं, हे सांगायचं धाडस कुठल्या फिल्मवाल्यात नाही. तिथून सुरुवात करा.

कुंडलकर

अलमट्टी, कोयनेचा विसर्ग, पूररेषेतली बांधकामं, कमी दिवसांत पडणारा जास्त पाऊस, नदीवरचे पूल आणि त्यांचे भराव, सगळ्यावर बोललं गेलंय. पुराच्या अभ्यासासाठी नेमलेल्या वडनेरे समितीचा अहवाल आहे, तो आधी वाचावा. फिल्ममध्ये एकाच खलनायकाकडं बोट दाखवलं की ती निवडणुकीत वापरली जाते आणि मग संपते.

जत पूर्व

अहवाल सरकारचाच ना?

कुंडलकर

म्हणूनच नीट वाचायचा. न वाचता खोडता येत नाही.

धागा व्यवस्थापक

अलमट्टीवर स्वतंत्र धागा आहे, पुढची चर्चा कृपया तिथं करावी.

ऊसवाला बागायतदार

वरचं सगळं वाचलं. एक भीती सांगतो. पर्यावरणाची फिल्म म्हटलं की शेवटी दोष उसाला, म्हणजे आम्हाला. पाणी पितो आम्ही, जमीन बिघडवली आम्ही. पण एफआरपी, म्हणजे सरकारनं ठरवलेला उसाचा किमान दर आहे म्हणून ऊस आहे. दर ठरलेला, घेणारा ठरलेला. द्राक्षवाल्यांचे एका अवकाळीत काय हाल होतात ते तासगावकरांना विचारा. भाजीला तर दराचा भरवसाच नाही. मुलीच्या लग्नाचं, दवाखान्याचं कर्ज उसाच्या जिवावर निघतं. ठिबकला माझी ना नाही, पण सामाईक पाइपलाइनवर पाळी आली की माणूस जमेल तेवढं पाणी सोडून घेतो, कारण पुढची पाळी कधी येईल ठाऊक नसतं.

चोपण मळा

दादा बरोबर बोलले. पाळीचं तर शंभर टक्के. अजून एक अडचण फिल्ममध्ये यायला हवी. एकट्यानं पाइपा टाकून भागत नाही. माझ्या रानाचं पाणी शेजाऱ्याच्या बांधातनं ओढ्याला जाणार, तो नाही म्हणाला की संपलं. वरचा भरपूर पाणी पाजतो, खालच्याचं रान फुटतं, आणि दोघं चुलतभाऊ असतात. आमच्याकडं हे जमायला गावची बैठक, पावण्यांची मध्यस्थी, सगळं करावं लागलं.

रानवारा

@कृष्णाकाठची, ही दोन माणसं आणि तो बांध, तुझी फिल्म इथं आहे. सामू, सोडियम, पाइपांची खोली हे सगळं त्यांच्या बोलण्यातून येईल, वेगळं निवेदन लागणार नाही. शौनक सेन यांची २०२२ ची 'ऑल दॅट ब्रीद्स' बघ. दिल्लीची विषारी हवा हा विषय, पण फिल्म दोन भावांची, जे घराच्या तळघरात जखमी घारींवर उपचार करतात. सनडान्स आणि कान दोन्हीकडं तिला पुरस्कार मिळाले. ती जगभर पोचली, कारण ती त्या तळघरातून हलली नाही.

आणि बागायतदारांची भीती खरी आहे. त्यांना फिल्ममध्ये घे, त्यांचं पूर्ण बोलणं ठेव. एडिट टेबलवर माणसाला दोन वाक्यांत दोषी ठरवणं फार सोपं असतं, तू रोज एडिटिंग करतेस तेव्हा तुला ते माहीतच आहे.

वाईकर वकील

कायद्याच्या बाजूनं थोडं, कारण यात पुढं अडकतात. सिनेमॅटोग्राफ कायदा १९५२ चा. जाहीर प्रदर्शनाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं, डॉक्युमेंटरीही त्यातून सुटत नाही. महोत्सवांना मंत्रालयाकडून सूट मिळते. यूट्यूबसाठी हे प्रमाणपत्र लागत नाही. आनंद पटवर्धन यांनी आपल्या फिल्मसाठी न्यायालयात किती लढाया दिल्या ते वाचा. राष्ट्रीय पुरस्कार मिळालेल्या फिल्म दूरदर्शनवर दाखवल्या जाव्यात यासाठीसुद्धा त्यांना कोर्टात जावं लागलं.

ड्रोनला २०२१ चे नियम आहेत. नोंदणी करा, नकाशावर लाल क्षेत्र बघा. धरण आणि अभयारण्य यांच्यावर परवानगीशिवाय अजिबात नको. चांदोली-कोयनेत शूटिंग करायचं तर वन विभागाची लेखी परवानगी हवी, तिला वेळ लागतो, तो वेळापत्रकात धरा. ज्यांचं बोलणं घेणार त्यांच्याकडून मराठीत, त्यांना समजेल अशा भाषेत संमतीपत्र घ्या. ते वाचून दाखवा, आणि वाचून दाखवतानाही रेकॉर्ड करा.

माणदेशी

थोडं विषयांतर. माणदेशावर फिल्म करायला येणारा पहिला शॉट भेगाळलेल्या तळ्याचा घेतो. दुसरा हंडे घेऊन जाणाऱ्या बायकांचा. आमच्याकडं माळ आहे, माळावर गवत आहे, मेंढरं आहेत, लांडगा आहे. सरकारी कागदावर ही सगळी पडीक जमीन. तिथं पवनचक्की येवो, सोलर येवो, झाडं लावायची मोहीम येवो, गवत जातं आणि त्याबरोबर लांडगा आणि धनगराची वाट जाते. वांकुसवडे, चाळकेवाडीच्या पठारांवर पवनचक्क्या आल्या. वीज स्वच्छ आहे हे मान्य, पण पठाराचं काय झालं हे कुणी सलग चित्रित केलंय का? कास पठारावर २०१२ ला जागतिक वारशाचा मान मिळाल्यानंतर जी गर्दी झाली तीही तशीच. फुलांचे फोटो लाखांनी, गर्दीनं पठारावर काय केलं याचे मोजके.

शंकासूर

मला वाटतं माझ्या प्रश्नाचं उत्तर पाटण खोरं यांच्या प्रतिसादात आहे, अर्थात उलट बाजूनं. फिल्मनं काही बदलायचं असेल तर ती गावात दिसली पाहिजे. गणेशोत्सवात प्रत्येक मंडळाकडं पडदा आणि स्पीकर असतोच. विष्णुदास भाव्यांनी १८४३ ला सांगलीत नाटक उभं केलं, या जिल्ह्यातला प्रेक्षक काही नवशिका नाही. क्षारपडीवरची फिल्म क्षारपड गावांत मंडळांपुढं दाखवा, नंतर चर्चा ठेवा. त्या गावात निचऱ्याची एक सामाईक योजना जरी झाली तरी मी माझा आक्षेप मागं घेतो.

कृष्णाकाठची

सगळ्यांचे मनापासून आभार. चार दिवस हेच वाचतेय.

ठरवलंय ते लिहिते. क्षारपडच. नोकरी लगेच सोडत नाही. स्टुडिओशी बोलले, ते महिन्याचं काम कामागणिक पैसे देऊन गावाहून करू द्यायला तयार आहेत. माइक आणि रेकॉर्डर आधी घेतेय. ऊसवाला बागायतदार, तुम्ही कॅमेऱ्यासमोर बसाल का? जे इथं लिहिलंत तेच, न कापता. पाटण खोरं ताई, प्रत देण्याचं मी संमतीपत्रातच लिहिणार आहे, म्हणजे विसरायची सोय राहणार नाही.

पुराचं मात्र सोडवत नाही. हरिपूर घाट, पुढचा पूर आला आणि उतरला की मला फोन करा. तेव्हाच येईन.

ऊसवाला बागायतदार

बसतो. पण दादा आणि मी एकाच बांधावर बसतो, वेगवेगळं नको. भांडणही तिथंच होऊ दे.

चोपण मळा

चालतंय की. ताई, मृगाच्या आत या. पाऊस लागला की वरचं मीठ धुऊन जातं आणि रान चांगलं दिसायला लागतं, मग लोक म्हणतील कुठाय क्षारपड. सकाळी लवकर या, ऊन वर आलं की पांढरं नजरेला टिकत नाही. कुदळ-फावडं माझ्याकडं आहे.

रानवारा

आणि आदल्या संध्याकाळचा खड्डा काढतानाचा आवाज घ्यायला विसरू नकोस. चोपण जमिनीवर कुदळ पडल्याचा आवाज वेगळा येतो. माझा चांगला माइक तोवर वापर, साताऱ्याहून एसटीनं पाठवतो.